फेड उपकाराची, पण कोणत्या नाण्यात?

"केलेला उपकार विसरू नये" हे वाक्य ज्याच्या कानी पडले नाही असा माणूस आपल्या बेटावरील मराठी घरांत सापडणे कठीण. आजी सांगते, आई सांगते, बैठकेतील गुरुजी सांगतात. आम्हीही गेली वीस वर्षे वर्गात हेच सांगत आलो आहोत. सिंहाने उंदराला जीवदान दिले आणि पुढे उंदराने जाळे कुरतडून सिंहाला सोडविले, ही गोष्ट फळ्यावर चित्र काढून आम्ही किती वेळा सांगितली असेल याची मोजदाद नाही. गोष्ट संपली की खाली तात्पर्य लिहावयाचे, मुलांनी ते वहीत उतरवून घ्यावयाचे आणि घंटा व्हावयाची. या तात्पर्याविषयी कधी शंका घ्यावी असे आम्हांस वाटले नव्हते. ती शंका शंभर वर्षांहून जुन्या एका मूकपटाने आमच्या मनात उभी केली, आणि त्याविषयीच आज चार शब्द लिहावयाचे आहेत.

या मूकपटाचे नाव "द मस्केटिअर्स ऑफ पिग ॲली". मराठीत सांगावयाचे तर "डुक्करगल्लीचे शिलेदार". अमेरिकेतील बायोग्राफ कंपनीने तो काढला, डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांनी दिग्दर्शित केला आणि ३१ ऑक्टोबर १९१२ रोजी तो लोकांपुढे आला. लांबी सुमारे १७ मिनिटे. आवाज नाही, संवाद नाहीत. मधूनमधून पडद्यावर दोनचार शब्दांची पाटी येते, एवढेच. कॅमेरा बिली बिट्झर यांचा. नायिकेचे काम लिलियन गिश या तरुणीने केले आहे. त्या वेळी तिचे वय अवघे १९ वर्षांचे होते आणि पडद्यावर येऊन तिला काही आठवडेच झाले होते. गुंडांच्या टोळीवर काढलेल्या अगदी पहिल्या चित्रपटांत याची गणना होते. २०१६ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट यादीत, म्हणजे देशाचा ठेवा म्हणून जतन करावयाच्या चित्रांत, त्याचा समावेश झाला.

कथा साधी आहे. न्यूयॉर्कच्या गरीब वस्तीत एक वादक आणि त्याची तरुण पत्नी राहतात. घरात तिची आजारी आई आहे. पैसा मिळवावा म्हणून वादक परगावी जातो. इकडे आई मरते. रस्त्याने जाताना गल्लीतला एक गुंड, स्नॅपर किड, त्या मुलीच्या वाटेत येतो, तेव्हा ती त्याच्या थोबाडीत देते. वादक पैसे कमावून परत येतो आणि घराशी पोहोचण्यापूर्वीच लुटला जातो. लुटणारा हाच स्नॅपर. नवरा पाकिटाच्या शोधात बाहेर पडतो. जिवाला थोडा विरंगुळा मिळावा म्हणून मैत्रीण त्या मुलीला नाचाच्या जलशाला नेते. तेथे दुसऱ्या टोळीचा म्होरक्या तिच्याशी गोड बोलून पेला पुढे करतो आणि तिची नजर चुकवून त्यात गुंगीची पूड टाकतो. स्नॅपर हे पाहतो, मध्ये पडतो आणि तिला वाचवितो. त्यावरून दोन टोळ्यांत वैर पेटते. गल्लीबोळांतून एकमेकांवर पाळत ठेवली जाते, शेवटी गोळीबार होतो, आणि त्या गोंधळात वादक आपले पाकीट स्नॅपरकडून हिसकावून घेतो.

आता मुख्य प्रसंग. पोलिसांपासून पळत असलेला स्नॅपर त्या जोडप्याच्या खोलीत येतो. आपण वाचविलेली मुलगी आता आपल्याबरोबर येईल अशी त्याची समजूत. ती नवऱ्याकडे बोट दाखविते. हा फाटका वाजंत्री हिला आपल्यापेक्षा बरा वाटावा याचे त्याला नवल वाटते. खांदे उडवून तो बाहेर पडतो. दाराबाहेर पोलीस त्याला धरतो. तेव्हा नवराबायको दोघेही पोलिसाला सांगतात की हा इसम आमच्याबरोबर येथेच होता. पोलीस त्याला सोडून देतो. एका उपकाराची फेड दुसऱ्या उपकाराने, अशा अर्थाची पाटी पडद्यावर येते.

गोष्ट येथे संपली असती तर ती आमच्या सिंह-उंदराच्या गोष्टीशेजारी सुखाने बसली असती. पण ग्रिफिथ यांनी आणखी एक पाटी आणि आणखी एक दृश्य ठेवले आहे. पाटीवर "व्यवस्थेतील दुवे" अशा अर्थाचे शब्द आहेत. दृश्यात स्नॅपर उभा आहे आणि चौकटीच्या बाहेरून एक हात पुढे येऊन त्याला नोटा देतो. हात कोणाचा ते दाखविलेले नाही. चित्रपट संपतो.

हा चित्रपट आम्ही बैठकेतील मोठ्या मुलामुलींना दाखविला. त्याच्यावर आता कोणाचा हक्क उरलेला नसल्याने तो कोणालाही फुकट पाहता येतो. दाखविण्यामागे आमचा हेतू सरळ होता. आमच्या मुलांचे मराठी कच्चे असते. घरी क्रिओल, शाळेत फ्रेंच आणि इंग्रजी, आणि मराठी आठवड्यातून थोडे. मूकपटाला भाषेची अडचण नाही. मुलांनी तो पाहावा आणि मग पाहिलेले मराठीत सांगावे, म्हणजे भाषेचा सराव होईल आणि जाता जाता कृतज्ञतेचा धडाही मिळेल, असा आमचा हिशेब. मुलांनी पाहिले, आणि हसत-खिदळत का होईना, मराठीत सांगितलेही. बाराजणांपैकी दहाजणांनी सांगितले की नवराबायकोने बरोबर केले. मग आम्ही तात्पर्य लिहावयास फळ्याकडे वळलो, तोच मागच्या बाकावरून एका मुलीने विचारले, "गुरुजी, पण पाकीट त्यानेच चोरले होते ना?"

आम्ही हो म्हणालो.

"आणि गल्लीत ज्या माणसांना गोळ्या लागल्या, त्यांच्या घरचे लोक पोलिसाला काय सांगणार?"

वाचकहो, आम्ही शिक्षक प्रशिक्षणात पुष्कळ गोष्टी शिकलो, पण या प्रश्नाला द्यावयाचे उत्तर त्यांत नव्हते. त्या दिवशी फळ्यावर तात्पर्य लिहिले गेले नाही.

मुलीचा प्रश्न लहान असला तरी १९१२ साली न्यूयॉर्कात चित्रगृहात बसलेल्या प्रेक्षकाला तो पुरेपूर समजला असता. त्याच वर्षी १६ जुलैला हर्मन रोझेंथल नावाच्या जुगारअड्डेवाल्याला भर शहरात मेट्रोपोल हॉटेलासमोर गोळ्या घालून मारण्यात आले. पोलीस आपल्याकडून हिस्सा घेतात असे त्याने नुकतेच उघड केले होते. चार्ल्स बेकर या पोलीस लेफ्टनंटवर या खुनाचा खटला चालला, तो दोषी ठरला आणि १९१५ साली त्याला मृत्युदंड देण्यात आला. खुनानंतर साडेतीन महिन्यांनी हा चित्रपट लागला. चौकटीबाहेरून येणारा तो हात कोणाचा असू शकेल, हे प्रेक्षकाला सांगण्याची गरज नव्हती. गुंड पैसे घेतो, कोणीतरी देतो, पोलीस सोडतो आणि भले लोक साक्ष देतात. सारे एकाच साखळीचे दुवे. त्या साखळीत ते गरीब, प्रेमळ, निष्पाप जोडपेही एक दुवा होऊन बसले आहे, आणि त्यांना त्याचा पत्ताही नाही. आमच्या मते हा चित्रपट मोठा आहे तो यामुळे.

आता योगायोग पाहा. अमेरिकेत हा चित्रपट लोकांपुढे आला त्याच सुमारास मुंबईत दादरला धुंडिराज गोविंद फाळके आपला "राजा हरिश्चंद्र" घडवीत होते. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये तो लोकांना दाखविण्यात आला. पडद्यावर काम करावयास बाई मिळेना म्हणून तारामतीचे काम अण्णा साळुंके या तरुणाने केले, ही हकीकत आपल्यापैकी पुष्कळांना ठाऊक असेल. फाळक्यांना ग्रिफिथ यांच्या या चित्राची खबर असण्याचे कारण नाही, आणि ग्रिफिथ यांना फाळक्यांची. तरीही पृथ्वीच्या दोन टोकांना जवळजवळ एकाच वेळी दोन मुकी चित्रे तयार होत होती. एकात राजा दिलेल्या शब्दासाठी राज्य सोडतो, बायकामुलांपासून तुटतो, स्मशानात राबतो, पण खोटे बोलत नाही. दुसऱ्यात दोन भली माणसे उपकारकर्त्यासाठी एका क्षणात खोटे बोलतात. आपण दोन्ही पाहतो आणि दोहोंनाही मान डोलावतो. हरिश्चंद्राच्या कथेला हात जोडून घरी आलेला माणूस दुसऱ्या दिवशी ओळखीच्या माणसासाठी खोटा दाखला मिळवून देतो, आणि दोन्ही वेळा आपण धर्मच केला असे त्याला मनापासून वाटते.

कोणी म्हणेल, गुरुजी, फार कठोर होता. त्या मुलीला नाचघरात वाचविले कोणी? पोलिसाने? तेथे एकही पोलीस नव्हता. कायदा नव्हता, शेजारी नव्हते, नवरा नव्हता. होता तो फक्त चोर. गरिबाच्या संकटाला जो धावतो तोच त्याचा देव. अशा माणसाला पोलिसाच्या हाती द्यावयाचे की काय?

या आक्षेपात तथ्य आहे, आणि ते आम्ही टाळू इच्छीत नाही. आपले पूर्वज ज्या काळात साखरेच्या मळ्यांवर राबले, त्या काळात कायदा त्यांच्या बाजूला क्वचितच होता. एक दिवस कामाला गेले नाही तर दोन दिवसांची मजुरी कापली जाई. अशा वेळी आजारी माणसाची बाजू शेजाऱ्याने सांभाळली नसती तर आपल्यापैकी कित्येकांची घरे उभीच राहिली नसती. एकमेकांना झाकून घेणे ही त्या लोकांची ढाल होती. जुन्या माणसांच्या तोंडून त्या दिवसांच्या गोष्टी ऐकताना, कोणी कोणासाठी काय खोटे बोलले याचा हिशेब मांडण्याचे पाप आम्ही करणार नाही.

पण ढाल आणि सवय यांत फरक आहे. १९६८ साली देश स्वतंत्र झाला. आज कचेऱ्यांत आपली माणसे आहेत, शाळांत आपली आहेत, पोलिसांतही आहेत. कायदा आता परक्या मळेवाल्याचा राहिला नाही. आता जेव्हा आपण उपकाराच्या फेडीसाठी खोटी सही करतो, तेव्हा तिचा फटका मळेवाल्याला बसत नाही. तो कोणातरी आपल्यासारख्याच घरातल्या मुलाला बसतो, ज्याला उपकार करणारा काका नाही.

महाभारतात कर्णाचे उदाहरण आपल्यासमोर आहे. अस्त्रविद्येच्या परीक्षेत सर्वांनी त्याला कुळावरून हिणविले, तेव्हा दुर्योधनाने त्याला अंगदेशाचे राज्य देऊन त्याची लाज राखली. कर्ण हा उपकार जन्मभर विसरला नाही. आपण पांडवांचा थोरला भाऊ आहोत हे कळल्यावरही त्याने पक्ष सोडला नाही. या निष्ठेला आपण डोळ्यांत पाणी आणून दाद देतो. पण त्या निष्ठेपायी तो द्रौपदीच्या विटंबनेतही सामील झाला, हे सांगताना मात्र आपला आवाज खाली येतो. याच कर्णाने याचकाला आपली कवचकुंडले काढून दिली. ती त्याची स्वतःची होती, अंगाबरोबर आलेली होती. ती देताना जे नुकसान झाले ते त्याचे एकट्याचे झाले. म्हणून ते दान थोर. द्रौपदीची अब्रू मात्र त्याची नव्हती. दुर्योधनाच्या उपकाराची फेड त्या नाण्यात करण्याचा त्याला अधिकार नव्हता.

आम्हांस जे सांगावयाचे आहे ते एवढेच आहे. उपकार फेडावा, अवश्य फेडावा, पण आपल्या पदरचे देऊन. आपला पैसा, आपले श्रम, आपला वेळ, आपल्या घरातील भाकरी, आजारात उशाशी जागविलेली रात्र, हे आपले आहे आणि ते हवे तितके द्यावे. खरी साक्ष, परीक्षेतील गुण, कचेरीतील जागा, मत, हजेरीपटावरील सही या वस्तू आपल्या हातात असल्या तरी आपल्या मालकीच्या नाहीत. त्या सर्वांच्या ठेवी आहेत. दुसऱ्याची ठेव देऊन आपले ऋण फेडणाऱ्याला एरवी आपण काय म्हणतो ते सांगावयास नको.

त्या वादकाच्या खिशात त्याचे पाकीट परत आले होते, हे चित्रपट पाहताना सहज निसटून जाते. स्नॅपरच्या उपकाराची फेड त्याला त्यातून करता आली असती. तुरुंगात त्याला डबा पोहोचविता आला असता. हा माणूस आमच्या घरी आत्ता आला, आणि याने माझ्या बायकोची अब्रू वाचविली, असे दोन्ही खरे त्याला पोलिसासमोर सांगता आले असते. उपकाराची साक्ष द्यावयास खोटे बोलण्याची गरज नव्हती. पण खोटे स्वस्त पडते. त्याला पदरचे काही जात नाही. आपल्याकडे ही फेड इतकी लोकप्रिय आहे त्याचे कारण आम्हांस हेच दिसते.

हे आम्ही उंच जागी बसून लिहितो आहोत असा कोणाचा समज होऊ नये, म्हणून आमची स्वतःची हकीकत सांगणे भाग आहे. काही वर्षांपूर्वी आमच्या गावच्या गणपतीच्या विसर्जनाला एका गृहस्थांनी आपली लॉरी दिली. भाडे घेतले नाही, उलट चालकाचा चहाफराळही स्वतःच केला. मूर्ती समुद्रापर्यंत थाटात गेली, झाकरी झाली, सर्वांनी त्यांचे आभार मानले. पुढच्या वर्षीही लॉरी आली. त्यानंतर काही महिन्यांनी ते गृहस्थ आमच्या घरी आले. त्यांचा भाचा आमच्या एका वर्गात नाव नोंदवून गेला होता, पण वर्गाला मात्र अर्धाअधिक काळ आला नव्हता. त्याला पुढे कोठेतरी दाखवावयास नियमित हजेरीचा दाखला हवा होता. ते म्हणाले, "गुरुजी, एवढेसे तर काम आहे." लॉरीचा उल्लेख त्यांनी केला नाही. करण्याची गरजही नव्हती. लॉरी आमच्या दोघांच्या मधोमध उभी होती.

आम्ही सही केली.

त्या रात्री आम्हांस झोप लागली नाही असे लिहिले तर ते शोभून दिसेल, पण ते खरे नाही. झोप लागली. आपण एका सज्जनाचा उपकार फेडला या समाधानात लागली. त्याच वर्गात एक मुलगी होती. ती दोन बस बदलून येत असे आणि तिची हजेरी खरोखर पूर्ण होती. तिच्या दाखल्यावरील शब्द आणि त्या भाच्याच्या दाखल्यावरील शब्द एकच होते, खाली सहीही एकच होती. आमच्या सहीची किंमत आम्ही त्या दिवशी निम्मी केली, आणि नुकसान झाले ते तिचे. हे आम्हांस कळावयास मागच्या बाकावरच्या मुलीचा तो प्रश्न यावा लागला.

यात केवळ घेणाऱ्याचाच दोष आहे असे नाही. देणाऱ्याचेही एक कर्तव्य आहे. आपल्या मराठीत दोन शब्द आहेत, कृतज्ञ आणि मिंधा. दोघांवरही उपकार झालेला असतो. कृतज्ञ माणूस ताठ मानेने उपकाराची जाण ठेवतो. मिंधा माणूस मान खाली घालून हुकमाची वाट पाहतो. कृतज्ञ व्हावयाचे की मिंधे, हे पुष्कळदा देणाऱ्याच्या वागण्यावर ठरते. जो देऊन विसरतो तो माणूस जोडतो. जो देऊन लक्षात ठेवतो तो माणूस बांधून ठेवतो. निवडणूक जवळ आली की घरोघर फिरून "तुमच्या मुलाला कामाला कोणी लावले?" असे हसतहसत विचारणाऱ्यांना आपण सर्वच ओळखतो. ते कोणत्या एका पक्षाचे असतात असे नाही. त्यांनी केलेले काम खरे असेलही. पण सरकारी जागा ही त्यांच्या घरची पेटी नव्हती, की तिच्यातून काढून दिले आणि आता त्याची फेड मागावी. त्यांनीही दुसऱ्याच्याच नाण्यात दान केले, आणि आता फेडही दुसऱ्याच्याच नाण्यात मागतात. ग्रिफिथ यांच्या पडद्यावर चौकटीबाहेरून आलेला हात आणि हा हात यांत आम्हांस फारसे अंतर दिसत नाही.

लाचलुचपतीविरुद्ध आपल्या देशात कायदे आहेत. २००२ साली त्यासाठी खास कायदा होऊन एक आयोग नेमला गेला. २०२४ साली त्याच्या जागी फायनान्शियल क्राइम्स कमिशन आले. ही यंत्रणा मोठे मासे धरो, आमची सदिच्छा आहे. पण ज्या व्यवहारात पैसा हातचा हलत नाही, जो गोड शब्दांत, चहाच्या कपावर, नात्याच्या नावाने होतो, तेथे पोहोचणे कोणत्याही आयोगाला अवघड आहे. तेथे पोहोचू शकते ते घरातले वळण आणि शाळेतला धडा.

जाता जाता एक गोष्ट प्रामाणिकपणे नोंदविली पाहिजे. ग्रिफिथ यांच्याकडून आम्ही हा धडा घेतला म्हणून त्यांचे सर्वच अनुकरणीय असे नाही. याच ग्रिफिथ यांनी १९१५ साली "द बर्थ ऑफ अ नेशन" हा चित्रपट काढून अमेरिकेतील काळ्या लोकांची विपरीत निंदा केली आणि त्यांच्यावर अत्याचार करणाऱ्या टोळीला वीर ठरविले. आपल्या बेटावर सर्व वंशांचे लोक शेजारीशेजारी नांदतात. येथे हे विसरून चालणार नाही. एका माणसाने आपणांस एक चांगली वस्तू दिली म्हणून त्याचे वाईटही झाकून घ्यावयाचे, ही तर पुन्हा तीच खोटी साक्ष झाली. चांगल्याबद्दल आभार मानावेत आणि वाईटाला वाईट म्हणावे. दोन्ही एका तोंडाने म्हणता येते.

शेवटी विनंती अशी. आपापल्या मंडळांत आणि बैठकांत एखाद्या सायंकाळी हा मूकपट मुलांबरोबर पाहावा. १७ मिनिटांपेक्षा अधिक वेळ लागणार नाही. मुलांना तात्पर्य सांगू नये. नवराबायकोने काय करावयास हवे होते ते त्यांनाच विचारावे. उत्तर आम्हांस पटते तसेच येईल असे नाही. आमच्याच बैठकेत पुढच्या आठवड्यात पुन्हा मत घेतले तेव्हा बारांपैकी सातजण अजूनही जोडप्याच्याच बाजूला होते, आणि त्यांतल्या एका मुलाने आमच्याशी चांगला वाद घातला. पोलीस तरी खरा कोठे होता, असे त्याचे म्हणणे. वाचकांपैकी ज्यांचे मत आमच्याहून निराळे असेल त्यांनीही ते या पानाकडे अवश्य लिहून पाठवावे.

आमच्यापुरते म्हणाल तर, यंदा गणपतीच्या आधी आम्ही त्या लॉरीवाल्या गृहस्थांकडे गेलो. तो दाखला देण्यात आमची चूक झाली, तसा दाखला पुन्हा देणार नाही, आणि तुमच्या दोन वर्षांच्या उपकाराची फेड करावयाची तर तुमच्या अंगणाच्या भिंतीचे काम चालले आहे तेथे दोन शनिवार आम्ही विटा उचलू, असे सांगितले. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "विटा राहू द्या, गुरुजी. चहा घ्या." लॉरी यंदा येणार की नाही ते त्यांनी सांगितले नाही. म्हणून मंडळाने वर्गणी काढून भाड्याची लॉरी ठरविली आहे. ज्यांना वर्गणी द्यावयाची असेल त्यांनी ती खजिनदारांकडे द्यावी आणि पावती मागून घ्यावी.